पार्श्वभूमी : काळ्या डोळ्यांचा ससाणा, लाल डोळ्यांचा शिक्रा

संक्रांत जवळ आली की पुण्यात मांज्यात अडकलेल्या पक्षी-प्राण्यांचे फोन सुरू होतात. घारी असतात, पारवे असतात, वटवाघळं असतात. मधूनच एखादा फोन येतो, "आमच्या गच्चीत ससाणा पडलाय." खोक्याचं झाकण उचलून पाहावं तर बहुतेक वेळा आत शिक्रा निघतो. फोन करणाऱ्याचं काही चुकलेलं नसतं. मराठीत कबुतराएवढा, बाकदार चोचीचा, शिकार करणारा जो कुणी असेल तो ससाणाच. पण जखमी पक्षी हाताळणाऱ्यांना हा फरक माहीत असावाच लागतो. उन्हाळ्यात पिल्लू खाली पडतं तेव्हा तर फारच. शिक्रा आंब्यासारख्या उंच झाडावर काटक्यांचं घरटं बांधतो, त्यामुळे त्याचं पिल्लू सापडलं की त्याच झाडाकडे मान वर करून पाहायचं. ससाण्याच्या कुळातले आपल्याकडचे पक्षी घरटं बांधतच नाहीत. कड्याची कपार, इमारतीचा कोनाडा, नाहीतर कावळ्या-घारीनं सोडून दिलेलं घरटं, एवढ्यावर त्यांचं भागतं. नाव चुकलं की शोध चुकीच्या जागी होतो.

हा घोळ आजचा नाही. तो कसा झाला हे पाहायचं तर पक्ष्यांकडे बघण्याच्या पद्धती कशा बदलत गेल्या, ते पाहावं लागतं.

संस्कृतातला श्येन सगळ्यांना माहीत आहे. शिबी राजाच्या मांडीवर येऊन पडलेल्या कबुतरामागे जो लागला होता, तो श्येन. मराठीत ती गोष्ट सांगताना आपण सहज ससाणा म्हणतो. कोशांत श्येनाला 'शशादन' असाही पर्याय आहे, म्हणजे ससे खाणारा, आणि ससाणा या शब्दातही तो ससा ऐकू येतो. गंमत अशी, की आज ज्यांना आपण ससाणा म्हणतो त्यांतले बहुतेक सशाच्या वाटेला जात नाहीत. बहिरी, म्हणजे इंग्रजीतला पेरेग्रीन फाल्कन, इतर पक्षी मारतो; शिक्रा सरडे आणि चिमण्या. ससा उचलण्याची ताकद असते ती थोरल्या बाजात, म्हणजे गॉसहॉकमध्ये. म्हणजे श्येन हे एका जातीचं नाव नव्हतंच, एका कामाचं होतं.

नावं खऱ्या अर्थानं काटेकोर झाली ती पक्षी पाळून शिकार करणाऱ्यांकडे. बाराव्या शतकात कल्याणीच्या चालुक्य राजानं लिहिलेल्या 'मानसोल्लास'मध्ये राजाच्या करमणुकींत श्येनविनोद आहे, म्हणजे दख्खनला हा शौक जुना. कुमाऊँच्या एका राजाच्या नावावर असलेलं 'श्यैनिकशास्त्र' तर सबंध याच विषयावर आहे. १९१० मध्ये ते कोलकात्यात छापलं गेलं. या ग्रंथात शिकारी पक्ष्यांचे दोन वर्ग केले आहेत : कृष्णाक्ष आणि पाटलाक्ष. काळ्या डोळ्यांचे आणि गुलाबी डोळ्यांचे. फारसी-उर्दू बोलणाऱ्या बाजदारांकडेही हीच विभागणी होती, सियाहचश्म आणि गुलाबचश्म. बहिरी, शाहीन, लग्गड, तुरमती हे काळ्या डोळ्यांचे. बाज, बाशा, बेसरा, शिक्रा हे गुलाबी डोळ्यांचे.

या दोन याद्या आज पुन्हा वाचल्या की मी थक्क होतो. पहिल्या यादीतला प्रत्येक पक्षी ससाण्यांच्या कुळातला आहे, दुसऱ्या यादीतला प्रत्येक पक्षी बाज-शिक्र्यांच्या. एकही चूक नाही. हातात ना सूक्ष्मदर्शक, ना जनुकांची माहिती. पण या माणसांच्या मनगटावर तो पक्षी तासन्‌तास बसलेला असे. वीतभर अंतरावरून दिसतो तो डोळा. ससाण्याचा डोळा गडद तपकिरी, लांबून काळाच वाटावा असा. शिक्र्याचा लहानपणी पिवळट, मग नारिंगी, आणि वयस्क नराचा अगदी लाल.

डोळ्याबरोबर बाकीचंही त्यांना ठाऊक होतं. काळ्या डोळ्यांचे पक्षी उंचावर सोडायचे, कारण ते मोकळ्या आभाळातले. वरून सूर मारतात. गुलाबी डोळ्यांचे मुठीवरून सोडायचे, कारण त्यांचं सगळं बळ पहिल्या शंभर पावलांत. शिक्र्याला तर हातात धरून, भाला फेकावा तसं सावजाच्या दिशेनं फेकत. नर आणि मादीला नावंसुद्धा वेगळी. मादी मोठी आणि ताकदीची, म्हणून मूळ नाव तिचं : शिक्रा ही मादी, नर चिपक. बेसरा मादी, नर धोती. तुरमती मादी, नर चेटवा. लग्गड मादी, नर झग्गड.

आता बहिरी. या शब्दानं मराठीत जेवढा गोंधळ घातला तेवढा दुसऱ्या कुठल्या पक्ष्याच्या नावानं घातला नसेल. मूळ शब्द बहरी. बहर म्हणजे समुद्र, बहरी म्हणजे समुद्राकडचा. थंडीत उत्तरेकडून येणारा हा मोठा ससाणा पाणथळ जागांच्या आसपास दिसतो, तेव्हा नाव शोभणारंच आहे. मराठी जिभेवर त्याचं बहिरी झालं आणि अर्थच पालटला. शाळेतल्या मुलांना पक्षी दाखवायला नेलं की कुणीतरी विचारतंच, "त्याला ऐकू येत नाही का?" त्याला उत्तम ऐकू येतं. त्यातही शब्द दिसायला स्त्रीलिंगी, पुढे जोडला पुल्लिंगी ससाणा, आणि 'बहिरी ससाणा' हा जोडशब्द एवढा रुळला की गोष्टींत, भाषणांत, अग्रलेखांत कुठल्याही शिकारी पक्ष्याला तोच चिकटवतात. त्याचा इथलाच भाऊबंद म्हणजे शाहीन. पोट तांबूस, डोकं काळं, सह्याद्रीच्या कड्यांवर बारमाही राहणारा. त्याला मात्र मराठीत धड नावच रुजलं नाही. जो पाहुणा आहे त्याच्या नावाचा बोलबाला, आणि जो आपल्या गडांवर घर करून आहे तो अनामिक, ही गोष्ट मला मनापासून लागते.

बाजदारी मागे पडली, बंदूक आली आणि पक्ष्याकडे बघण्याची जागाच बदलली. युरोपात १७५८ मध्ये जे वर्गीकरण छापलं गेलं त्यात दिवसा शिकार करणारे जवळजवळ सगळे पक्षी एकाच 'फाल्को' प्रजातीत कोंबले होते. बाशाही फाल्को, थोरला बाजही फाल्को, गरुडसुद्धा. दोनच वर्षांनी आखूड पंखांच्या बाजांसाठी 'ॲक्सिपिटर' हा वेगळा कप्पा आला, पण नवे पक्षी बराच काळ जुन्याच कप्प्यात पडत राहिले. शिक्र्याला १७८८ मध्ये शास्त्रीय नाव मिळालं तेही 'फाल्को बॅडियस' असंच. आपल्या भागाची पहिली मोठी यादी १८३२ ची. दख्खनची आकडेवारी गोळा करत फिरणाऱ्या एका इंग्रज लष्करी अधिकाऱ्यानं ती केली. त्यात एका बाजाला दख्खनचंच नाव दिलं होतं, ते टिकलं नाही.

या काळात पक्षी ओळखायचा तो मारून, कातडं काढून, पेंढा भरून, ट्रेमध्ये शेजारी शेजारी ठेवून. कातड्याला डोळा नसतो. तिथं कापूस असतो. काळजीपूर्वक काम करणारे चिठ्ठीवर डोळ्याचा रंग लिहून ठेवत, पण ओळखीचा भार गेला पंखाची लांबी, पायाची जाडी आणि चोच यांवर. त्यातून एक पक्की खूण मात्र मिळाली. ससाण्याच्या वरच्या चोचीच्या कडेला, टोकाच्या जरा मागे, एक दात असतो. सावज पकडलं की तो मानेचा मणका त्या दातानं चावून तोडतो. शिक्र्याच्या चोचीला असा दात नाही. तो पायांनी मारतो.

हे एकदा वेताळ टेकडीवर अगदी जवळून पाहिलं. खाणीच्या बाजूला ग्लिरिसिडियाच्या फांदीवर शिक्र्याची मादी बसली होती, पंजात सरडा. ती चोच लावत नव्हती. नुसती मूठ आवळत होती, सैल सोडत होती, पुन्हा आवळत होती, आणि मध्येच मान वळवून इकडेतिकडे पाहत होती. सरड्याची शेपटी थांबल्यावरच खाणं सुरू झालं. भिगवणच्या चिखलात बहिरीनं बदक पाडलेलं पाहिलं तेव्हा उलट होतं. खाली उतरला, मान वाकवली, एक चावा, संपलं. (खाटीक पक्ष्याच्या चोचीलाही असाच दात असतो. सासवडच्या माळावर तारेवर बसलेला खाटीक दुर्बिणीतून नीट पाहिला तर दिसतो.)

विसाव्या शतकात मराठीत पक्ष्यांवर लिहिणं वाढलं आणि इथं तो निर्णय झाला, ज्याचं ओझं आपण अजून वाहतो. कुणी बैठक घेऊन ठरवलं नाही, तरी निर्णयच तो. इंग्रजीतून नावं मराठीत आणताना 'फाल्कन' आला तरी ससाणा आणि 'हॉक' आला तरी ससाणा. इंग्रजीतही घोळ कमी नाही. अमेरिकेत तिथल्या खरूचीला (केस्ट्रेलला), म्हणजे चक्क एका फाल्कनला, कित्येक वर्षं 'स्पॅरो हॉक' म्हणत. पण आपल्याकडे बाजदारांची तयार विभागणी पडून होती. ती उचलायची सोडून सगळ्यांवर ससाणा हे एकच छत्र धरलं. आता त्यावर हिंदीतून आलेला 'बाज' बसला आहे, आणि हिंदीत बाज म्हणजे गरुडापासून ससाण्यापर्यंत काहीही. मूळचा बाज म्हणजे एकच पक्षी, गुलाबी डोळ्यांचा थोरला. पंजाबचा राज्यपक्षी तोच.

ससाणा हा जुना सर्वसमावेशक शब्द आहे, त्याला शास्त्राच्या चौकटीत कशाला कोंबायचं, असं म्हणणारे आहेत. त्यांचं म्हणणं मी समजू शकतो. लोकांच्या बोलण्यातला शब्द कुणी बदलू नये. पण पक्ष्यांच्या याद्यांमध्ये, फलकांवर, मुलांच्या पुस्तकांत ससाणा काळ्या डोळ्यांच्या कुळापुरता ठेवावा, आणि शिक्रा, बाशा, बेसरा यांना त्यांच्या नावानं हाक मारावी, एवढं मला आग्रहानं वाटतं. कारण आता दोघांमधलं अंतर कुणाच्या कल्पनेपलीकडे गेलं आहे.

२००८ मध्ये १६९ जातींच्या पक्ष्यांच्या जनुकांची तुलना प्रसिद्ध झाली. तीत ससाणे बाज-गरुड-घारींच्या फांदीवरून थेट दुसरीकडे गेले. पोपट आणि चिमणी-बुलबुलांसारखे गाणारे पक्षी यांच्या शेजारी. त्याच्या आधीही काहींना शंका होतीच, पण हा धक्का मोठा होता. दोनच वर्षांत अमेरिकेतल्या अधिकृत यादीनं दोघांचे गण वेगळे केले आणि बाकीच्यांनीही तोच रस्ता धरला. म्हणजे विद्यापीठाच्या आवारात किलबिलाट करणारा पोपट हा ससाण्याला शिक्र्यापेक्षा जवळचा. बाकदार चोच, तीक्ष्ण नख्या, मादी नराहून मोठी, हे सगळं साम्य शिकारीच्या धंद्यातून आलेलं, रक्तातून नव्हे. २०२४ मध्ये तर शिक्र्याची 'ॲक्सिपिटर'मधूनही उचलबांगडी झाली; नव्या नावात तो 'टॅकिस्पायझा बॅडिया' आहे, थोरला बाज 'ॲस्टर'मध्ये गेला, आणि बाशा तेवढा जुन्या घरात उरला. लॅटिन नाव अडीचशे वर्षांत इतकं फिरलं, शिक्रा हे नाव मात्र जागचं हललं नाही.

मधल्या काळात दुर्बीण आली होती. दुर्बिणीतून डोळा क्वचितच दिसतो, म्हणून उडत्या पक्ष्याची आकृती महत्त्वाची झाली. लांब, टोकदार पंख तो ससाणा. आखूड, गोलसर पंख आणि लांब पट्टेदार शेपूट तो शिक्रा. चार-सहा वेळा पंख मारून थोडं तरंगायचं, ही शिक्र्याची चाल. पण आकृतीही फसवते. सासवडकडच्या गवताळ माळावर एका जागी पंख फडफडवत थांबणारी खरूची ससाण्यांतली, आणि तस्साच थांबणारी कापशी घार वेगळ्याच कुळातली. आणि पावशा! पावसाच्या तोंडावर 'पेरते व्हा' ओरडणारा हा कोकिळेचा नातलग उडताना हुबेहूब शिक्रा. चिमण्या-सातभाईसुद्धा त्याला शिक्रा समजून ओरडा करतात. मग माणसाचं काय घेऊन बसलात.

गेल्या पंधरा-वीस वर्षांत मोठ्या लेन्सचे कॅमेरे हातोहाती झाले, आणि मला यातली सर्वांत सुंदर गोष्ट ही वाटते की डोळा परत आला. फोटो मोठा करून पाहिला की बाजदाराला दिसायचं ते दिसतं. दोन गोष्टी सांभाळायच्या. ससाण्याच्या डोळ्याभोवती उघड्या कातडीचं पिवळं कडं असतं, त्याला डोळा समजायचं नाही. आणि जुन्या शिक्रा नराचा गर्द लाल डोळा सावलीत काळा वाटतो, तेव्हा गळ्यावरची मधली एकच उभी रेघ शोधायची. ससाण्याला तिथं काही नसतं. त्याच्या रेघा गालांवर, मिशांसारख्या.

यंदाच्या जानेवारीत पर्वतीकडून एका आजींचा फोन आला, गच्चीत ससाणा पडलाय म्हणून. मी विचारलं, "आजी, खोक्याच्या फटीतून फक्त त्याचा डोळा बघून सांगता का?" थोडा वेळ काही ऐकू आलं नाही. मग त्या म्हणाल्या, "नारिंगी आहे रे. पिकल्या संत्र्यासारखा. आणि माझ्याकडेच बघतोय."