'सीन्स फ्रॉम अ मॅरेज'मधला नवरा वॉन सिडो नव्हे

स्वीडिश दिग्दर्शक इंगमार बर्गमनचा विषय निघाला की पाचव्या मिनिटाला कुणीतरी म्हणतंच, "सीन्स फ्रॉम अ मॅरेजमध्ये काय काम केलंय मॅक्स वॉन सिडोनं!" केलेलंच नाही हो. तो एर्लांड योसेफसन.

वॉन सिडो तुम्हाला ठाऊक आहेच. बर्गमनच्या 'द सेव्हन्थ सील'मधला मृत्यूशी बुद्धिबळ खेळणारा सरदार, 'द एक्झॉर्सिस्ट'मधला म्हातारा पाद्री (म्हातारपण मेकअपचं; सिनेमा आला तेव्हा गडी 44 वर्षांचा), 'पेले द कॉन्करर'मधला बाप. वॉन सिडो स्वीडनमधल्या लुंडचा, योसेफसन स्टॉकहोमचा. दोघंही नाटकातून आलेले. असो.

खरी मेख 1971ची. 'द टच' हा बर्गमनच्या दिग्दर्शनाखाली वॉन सिडोनं केलेला शेवटचा सिनेमा. 1973 साली 'सीन्स फ्रॉम अ मॅरेज' आला, त्यात योसेफसन पुढे आला आणि बर्गमनचा पुरुषच बदलला.

वॉन सिडोचा माणूस देवाशी भांडतो, तेही अंगानं. 'द व्हर्जिन स्प्रिंग'मध्ये मुलीच्या खुनाचा सूड घेण्याआधी तो माळावरच्या एकट्या बर्चच्या झाडाला भिडतो, सगळा भार टाकून ते आडवं करतो. तोंडातून शब्द नाही. योसेफसनचा माणूस बायकोशी भांडतो, आणि ते बोलून बोलून. 'सीन्स फ्रॉम अ मॅरेज'मध्ये तो रात्री घरी येऊन सांगतो की दुसरीवर जीव जडलाय, पॅरिसला निघालोय. बायको त्याची बॅग भरायला लागते, हा बोलतोच आहे. मऊ चेहरा, शिकलासवरलेला आवाज, आणि बोलता बोलता स्वतःलाच गंडवणं. योसेफसन स्वतः लेखक होता, शिवाय 1966 ते 1975 स्टॉकहोमच्या राष्ट्रीय नाट्यगृहाचा प्रमुख; शब्दांची सवय त्याच्या अभिनयात मुरलेली दिसते. त्या भूमिकेत मला वॉन सिडो नकोच. त्याच्या कोरीव चेहऱ्याकडे बघून आपण त्या नवऱ्याला फार लवकर माफ केलं असतं.

रशियन दिग्दर्शक तारकोव्हस्कीच्या 'द सॅक्रिफाइस'मध्ये घर पेटवणाराही योसेफसनच. तिथेही वॉन सिडोचं नाव घेतलं की मी चहा घ्यायला उठतो.

तरी शंका उरली तर बर्गमनचाच 'द पॅशन ऑफ अ‍ॅना' लावा. माणसांच्या चेहऱ्यांचे फोटो जमवणारा आर्किटेक्ट समोरच्याला बसवून त्याचे फोटो काढतो. कॅमेऱ्यामागे बोलणारा तो योसेफसन. समोर गप्प बसलेला वॉन सिडो.