मुदतपूर्व वेगळी, मध्यावधी वेगळी

मे महिना लागला की कर्मचाऱ्यांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर बदली आदेशांचे फोटो पडू लागतात आणि खाली ठरलेली प्रतिक्रिया येते: ‘ही मध्यावधी बदली आहे, मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) टिकणार नाही.’ अहो, मे महिन्यातली बदली मध्यावधी कशी असेल? असलीच तर मुदतपूर्व असेल. आस्थापनेच्या टेबलावर इतकी वर्षं काढल्यावर हे वाचून डोकं दुखतं.

बदली म्हणजे काय, हे सरकारी नोकराला शिकवायला नको. एवढंच लक्षात ठेवा, की 1 जुलै 2006 पासून लागू झालेल्या महाराष्ट्राच्या 2005 च्या बदली अधिनियमात एका पदावरून, कार्यालयातून किंवा विभागातून दुसरीकडे होणारी पदस्थापना ही बदलीच. गाव तेच राहिलं आणि नुसता जिना चढून वरच्या मजल्यावरच्या विभागात गेलात, तरी बदली. आणि विभाग म्हणजे कृषी, महसूल, जलसंपदा. पुणे विभाग, नागपूर विभाग नव्हे. यावरही वाद घालणारे भेटतात!

आता खरी मेख. या कायद्यात दोन हिशेब चालतात. पहिला खुर्चीचा. गट अ, ब आणि क साठी एका पदाचा पदावधी साधारण 3 वर्षं. (मंत्रालयाबाहेरच्या गट क ला एका कार्यालयात असे दोन पदावधी, मग दुसरं कार्यालय किंवा विभाग.) तो पुरा व्हायच्या आत उचललं, तर बदली मुदतपूर्व, कलम 4(5). दुसरा हिशेब कॅलेंडरचा. बदल्या वर्षातून एकदाच, एप्रिल किंवा मेमध्ये. त्याबाहेर केली तर मध्यावधी, कलम 4(4).

एक नायब तहसीलदार घ्या, 2 जून 2023 ला रुजू झालेला. 20 मे 2024 ला आदेश निघाला: महिना बरोबर, पण पदावर वर्षही झालेलं नाही. मुदतपूर्व. तोच आदेश नोव्हेंबर 2026 मध्ये निघाला, तर 3 वर्षं केव्हाच उलटली, महिना मात्र चुकला. मध्यावधी. फेब्रुवारी 2025 मध्ये निघाला, तर दोन्ही.

‘मग फरक काय पडतो, बदली ती बदली’ असं म्हणणाऱ्यांसाठी पुढचं. मध्यावधीला कायद्यानेच बऱ्याच वाटा ठेवल्या आहेत. पद नवीन निर्माण झालं, कुणी निवृत्त झालं, बढतीवर गेलं, राजीनामा दिला, रजेवरून परतलं, तर ते पद वर्षात कधीही भरता येतं. पण या वाटा फक्त महिन्याचा प्रश्न सोडवतात. पदावधीचा नाही. बढतीने खुर्ची रिकामी झाली म्हणून दुसऱ्या पदावर जेमतेम 14 महिने झालेल्या माणसाला उचलून तिथे बसवलं, की फाइलवर ‘रिक्त पद’ एवढंच कारण लिहून हात झटकतात. रिक्त पदामुळे नोव्हेंबर का, याचं उत्तर मिळतं. हाच माणूस का, याचं मिळत नाही. त्यासाठी विशेष बाब असावी लागते, कारणं लेखी नोंदवावी लागतात आणि कलम 6 च्या तक्त्यातल्या (कुणाची बदली कोण करतं, तो तक्ता) लगतच्या वरिष्ठ प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता लागते. गट ब ची बदली मंत्री करतात, म्हणून त्यांच्या मुदतपूर्व बदलीची फाइल मुख्यमंत्र्यांपर्यंत जाते.

माझा खरा राग आहे तो ‘कलम 4(4) व 4(5) अन्वये, प्रशासकीय कारणास्तव’ या एका ओळीवर. दोन्ही कलमं जोडून टाकायची, म्हणजे कुठलं लागू आहे ते ठरवायचं कष्ट नको. आणि ‘प्रशासकीय कारणास्तव’ हे कारण नव्हेच. मुदतपूर्व बदलीला अशी मोघम कारणं चालणार नाहीत, हे मुंबई उच्च न्यायालयानेही सांगून झालं आहे. तरी आदेशाचा नमुना तोच, फक्त नावं बदलतात.

पोलिसांचं वेगळं. त्यांच्या अधिनियमात पदावधी संपल्यावर एप्रिल-मेमध्ये होते ती सर्वसाधारण बदली आणि उरलेल्या सगळ्या मध्यावधीच्या एकाच खान्यात. हा गोंधळ बहुधा तिथूनच आपल्याकडे आला असावा. गट ड ला ठरावीक पदावधीच नाही, त्यामुळे मुदतपूर्व हा शब्द तिथे लागू होत नाही. जिल्हा परिषदेच्या शिक्षकांचं धोरण निराळं. त्यांनी हा लेख इथेच सोडला तरी चालेल.

तुमच्या बाबतीत शंका असेल तर आधी सेवापुस्तकातली रुजू तारीख पाहा, मग आदेशाची. मुदतपूर्व निघाली तर माहिती अधिकारात आदेशाची प्रत मागत बसू नका, ती तुमच्याकडे आहेच. बदलीच्या फाइलवरची टिपणी मागा, मान्यतेच्या सहीसकट. अशी एक टिपणी मी पाहिली आहे. आदेश 31 मेचा, जावक क्रमांक त्याच दिवसाचा, वरिष्ठांची सही 4 जूनची. आणि सहीच्या वर टाइप केलेलं होतं: ‘पूर्वमान्यता देण्यात येत आहे.’