भारलेला आणि भारावलेला

रिचर्ड बर्टन या इंग्रज प्रवासी-लेखकाने १८८५ साली 'अरेबियन नाइट्स'चं, म्हणजे अरबी सुरस कथांचं, इंग्रजी भाषांतर छापलं. त्यातल्या एका गोष्टीचं शीर्षक मराठीत आणायचं म्हणून मी बसलो आणि एका विशेषणाशी अडलो. गोष्ट काळ्या बेटांच्या तरुण राजाची. बायको चेटूक जाणणारी; ती मंत्र पुटपुटते आणि याचं कमरेखालचं अंग दगड होऊन जातं. वर माणूस, खाली शिळा. रोज येऊन ती त्याला चाबकाचे शंभर फटके मारते आणि त्याला जागचं हलता येत नाही. त्याच्या नगराचं तिने तळं केलंय आणि प्रजेचे मासे: मुसलमान पांढरे, अग्निपूजक तांबडे, ख्रिस्ती निळे, यहुदी पिवळे. बर्टनच्या शीर्षकात हा राजा 'राजपुत्र' आहे आणि त्याच्यासाठी इंग्रजीतलं एक जुनं, क्वचित दिसणारं क्रियापद वापरलं आहे: 'इन्सॉर्सल', म्हणजे चेटूक करणं.

'मंत्रमुग्ध राजपुत्र' लिहून पाहिलं, तर तो गाण्याच्या मैफलीत पुढच्या रांगेत बसलेला दिसू लागला. 'मोहित' म्हटलं की प्रेमात पडलेला. 'भारावलेला' म्हटलं की सत्काराला उत्तर द्यायला उभा राहिलेला. फटके खाणारा, अर्धा दगड झालेला माणूस यातल्या एकाही शब्दात मावेना. हे तिन्ही शब्द मुळात जादूटोण्याचेच, तरी आज त्यांच्यात त्या भयाचा मागमूस का उरला नाही, हा प्रश्न मला त्या शीर्षकापेक्षा मोठा वाटू लागला.

आधी त्या क्रियापदाचं कूळ पाहू. ते सोळाव्या शतकात फ्रेंचमधून इंग्रजीत आलं. फ्रेंचमध्ये 'सोर्सिए' म्हणजे चेटक्या, आणि त्याच्याही मागे उभा आहे लॅटिनमधला 'सोर्स' हा शब्द. अर्थ: चिठ्ठी, फासा, वाट्याला आलेलं नशीब. म्हणजे मूळचा चेटक्या हा कुणाला दगड करणारा नव्हता, तो चिठ्ठ्या टाकून भविष्य सांगणारा होता. रोमजवळ प्रेनेस्ते गावी भाग्यदेवतेचं मोठं देऊळ होतं. तिथे ओकच्या लाकडावर कोरलेली अक्षरं असत आणि एका लहान मुलाच्या हातून त्यातली चिठ्ठी काढली जाई, असं रोमन लेखक सिसेरोने लिहून ठेवलं आहे. कोकणातल्या, गोव्यातल्या वाचकाला हे परकं वाटणार नाही. देवाला कौल लावायचा, पाकळी उजवीकडून पडते की डावीकडून ते पाहायचं. आपला 'कौल' पुढे देवळाबाहेर पडला आणि आज निवडणुकीच्या निकालादिवशी 'मतदारांचा कौल' म्हणून मथळ्यात बसतो. लॅटिन 'सोर्स'चंही तसंच झालं. एका वाटेने तो चेटक्यापर्यंत गेला, दुसऱ्या वाटेने इंग्रजीत 'सॉर्ट' झाला, प्रकार आणि वर्गवारी या अर्थाचा अगदी कारकुनी शब्द. संगणकात नावं क्रमाने लावण्याची आज्ञा आणि राजाला दगड करणारी विद्या, दोन्ही एका चिठ्ठीतून निघाल्या आहेत.

जादूच्या इतर इंग्रजी क्रियापदांची मुळं बहुतेक गाण्यात आहेत. 'एन्चांट' म्हणजे एखाद्यावर गाणं, लॅटिन 'कांतारे'पासून. 'चार्म'च्या मुळाशी 'कार्मेन', म्हणजे पद्य, मंत्र. आज चार्मिंग म्हणजे गोड स्वभावाचा माणूस. पण ख्रिस्तपूर्व पाचव्या शतकात रोमच्या 'बारा पाट्यां'च्या कायद्यात दुष्ट 'कार्मेन' गाणं हा गुन्हा होता. दुसऱ्याच्या शेतातलं पीक मंत्राने आपल्या शेतात ओढून नेणं हाही गुन्हा होता.

या पिकाच्या आरोपाची एक हकीकत रोमन लेखक प्लिनीने दिली आहे. फ्युरियस क्रेसिमस नावाचा एक गुलामगिरीतून मुक्त झालेला शेतकरी होता. जमीन जेमतेम, पण तिच्यातून तो एवढं पिकवी की आजूबाजूच्या बड्या जमीनदारांच्या डोळ्यांत ते खुपू लागलं. याने आमची पिकं चेटकाने ओढून नेली, असा दावा त्यांनी लावला. खटल्याच्या दिवशी क्रेसिमस आपली सगळी औतं घेऊन चौकात आला. जड कुदळी, वजनदार फाळ, पोसलेले बैल, धडधाकट कामकरी माणसं. लोकांसमोर ते मांडून तो म्हणाला, हेच माझं चेटूक. माझी जागरणं आणि माझा घाम मात्र मला इथे आणून दाखवता येत नाही. तो एकमताने सुटला. मला ही हकीकत फार मोलाची वाटते. चेटकाचा शब्द तेव्हा किती जड होता हे तीत दिसतं, आणि तो कुणावर टाकला जायचा हेही.

'फॅसिनेट'ची कथा आपल्याला लगेच ओळखीची वाटेल, कारण ती दृष्टीची आहे. लॅटिनमध्ये त्याचा अर्थ दृष्ट लावणं. रोमन बाळांच्या गळ्यात दृष्ट लागू नये म्हणून 'फॅसिनम' नावाचा ताईत बांधत; आपण गालावर काजळाची तीट लावतो तसं. 'ग्लॅमर' तर थेट शाळेतून आला. तो 'ग्रामर' या शब्दाचाच स्कॉटलंडमध्ये बदललेला उच्चार. निरक्षर समाजात पोथी वाचणारा माणूस म्हणजे काहीतरी गूढ जाणणारा, त्यामुळे व्याकरण म्हणजे विद्या आणि विद्या म्हणजे जादू, असा तो प्रवास. ग्लॅमर टाकलं की समोरच्याला नसलेलं दिसे. स्कॉटिश लेखक वॉल्टर स्कॉटच्या लिखाणातून हा शब्द सर्वदूर पोचला आणि पुढे सिनेतारकांच्या अंगाला चिकटला.

आता 'बिविच', म्हणजे चेटूक करणं. हा शब्द बाहेरून आलेला नाही, अस्सल इंग्रजी घरातला. १५६३ आणि १६०४ च्या इंग्लंडच्या कायद्यांत चेटकाने माणूस मारणं हा देहदंडाचा गुन्हा होता, त्यामुळे हे क्रियापद आरोपपत्रात लिहिलं जाई. मार्च १६१२ मध्ये लँकेशरात ॲलिझन डिव्हाइस या मुलीने वाटेत भेटलेल्या एका फेरीवाल्याकडे टाचण्या मागितल्या. त्याने दिल्या नाहीत. थोड्याच वेळात तो कोसळला, त्याचं तोंड वाकडं झालं, बोलणं अडखळू लागलं, पाय लुळे पडले. आजचा कुठलाही डॉक्टर ही लक्षणं ऐकून पक्षाघात म्हणेल. त्या वेळी उपलब्ध असलेला शब्द होता 'बिविच'. ॲलिझनचाही त्यावर विश्वास होता, तिने कबुली दिली. पुढे एकातून दुसरी नावं निघत गेली आणि त्या ऑगस्टमध्ये लँकेस्टरला दहा जणांना फाशी झाली.

नवल असं की त्याच काळात हाच शब्द गमतीतही वापरला जात होता. १५९८ साली छापलेल्या शेक्सपिअरच्या नाटकात फॉल्स्टाफ एका दोस्ताबद्दल तक्रार करतो, की त्या लबाडाच्या संगतीने मला चेटूक केलंय, नाहीतर मी त्याला केव्हाच सोडलं असतं. रंगमंचावर हशा, न्यायालयात फास, आणि शब्द एकच. म्हणजे जुना अर्थ मेला आणि मग नवा जन्मला असं सहसा होत नाही. दोन्ही अर्थ कैक पिढ्या शेजारी नांदतात आणि हळूहळू एकाचा आवाज कमी होतो.

या फिकट होण्याला भाषाविज्ञानात विरंजन म्हणतात, कापड धुऊन धुऊन रंग उडतो तसं. गेऑर्ग फॉन देर गाबेलेंट्स या जर्मन अभ्यासकाने १८९१ मध्येच शब्दांच्या फिकट पडण्याचं वर्णन केलं होतं. त्याने शब्दांना सरकारी नोकरांची उपमा दिली: नेमणूक होते, बढती मिळते, मग अर्धा पगार, शेवटी निवृत्ती, आणि बाहेर नवे उमेदवार रांगेत उभेच असतात. कारण साधं आहे. आपल्याला ऐकणाऱ्यावर ठसा उमटवायचा असतो, म्हणून आपण हाताशी असलेला सगळ्यात जोरकस शब्द उचलतो. तो सगळेच उचलू लागले की त्याचा जोर सरतो, मग दुसरा शोधावा लागतो. 'भयंकर सुंदर' म्हणताना आपल्याला भय वाटत नाही, ते याचमुळे.

पण जादूच्या क्रियापदांत वापराच्या झिजेबरोबर आणखी एक गोष्ट घडते, आणि ती व्याकरणात चक्क बोट ठेवून दाखवता येते. मूळ अर्थाने 'बिविच' वापरायचं तर वाक्यात कर्ता म्हणून माणूस लागतो. अमक्या बाईने तमक्याला केलं. नव्या अर्थात कर्त्याच्या जागी आवाज येतो, हसू येतं, संध्याकाळ येते. हसण्यावर कोण खटला भरणार? पुढे तर क्रियापदाचं नुसतं विशेषण उरतं, आणि करणारा वाक्यातून पुसलाच जातो. शब्द हलका होतो तो गुन्हेगार वाक्यातून बाहेर पडल्यावर. ब्रिटनच्या १७३५ च्या कायद्याने हेच न्यायालयात केलं. चेटूक करणं हा गुन्हा उरला नाही. चेटूक येतं असा दावा करून लोकांना फसवणं हा गुन्हा ठरला.

हा नियम मराठीला लावून पाहिला तेव्हा मी थक्क झालो. मांत्रिक पाणी भारतो, ताईत भारतो, लिंबू भारतो. 'भारणे' हे सकर्मक. कर्ता हवा, कर्म हवं. त्याच्यातून निघालेलं 'भारावणे' अकर्मक. 'तुमच्या प्रेमाने मी भारावलो.' इथे कोणी काही केलेलं नाही. 'झपाटणे' पाहा. पूर्वी भूत झपाटायचं, आता परीक्षेच्या आधी पोरं झपाटून अभ्यास करतात आणि आईबाप सुखावतात. तंत्रमार्गातल्या कर्मांची जुनी यादी घ्या: मारण, मोहन, स्तंभन, उच्चाटन, वशीकरण. 'मोहक' साडीच्या दुकानात गेला, 'स्तंभित' बातमीत. आणि उच्चाटन, शत्रूला मंत्राने घरादारातून उखडून लावण्याची क्रिया, हा शब्द आज चक्क महाराष्ट्राच्या २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्याच्या नावात आहे: 'समूळ उच्चाटन'. ज्याचा नायनाट करायचा त्याच विद्येतला शब्द कायद्याने बिनधास्त वापरला, आणि कुणालाही ते खटकलं नाही, इतका तो स्वच्छ होऊन गेला आहे.

एक शब्द मात्र धुतला गेलेला नाही. करणी. 'त्याच्यावर करणी झालीय' हे वाक्य अजून थट्टेत म्हणता येत नाही. करणारा तिथे न उच्चारताही हजर असतो, कारण ऐकणारा लगेच विचारतो, कुणी केली? मग बोट फिरतं आणि बहुधा एकट्या राहणाऱ्या बाईवर, वाटणीवरून वाकड्यात असलेल्या भावकीवर, शेजारच्या बऱ्या पिकलेल्या शेताच्या मालकावर येऊन थांबतं. क्रेसिमसवर आलं होतं तसंच. देशाच्या काही भागांत डाकीण, डायन ठरवून बायकांना मारहाण होते, जीवही घेतला जातो. त्यासाठी झारखंडसारख्या राज्यांना वेगळे कायदे करावे लागले आहेत. हे शब्द हलके झालेले नाहीत, कारण ती भीती गेलेली नाही. एखाद्या समाजाने कोणत्या भयाला मागे टाकलं आणि कोणतं अजून उशाशी घेऊन झोपतो, हे शब्दांच्या वजनावरून बरंच कळतं, असं माझं मत झालं आहे.

आणि 'इन्सॉर्सल'? ते झिजलं नाही, कारण ते फारसं कुणी वापरलंच नाही. इंग्रजीत आलं तेव्हा 'एन्चांट', 'चार्म', 'बिविच' यांनी जागा अडवलेली होती. ते मागे पडलं आणि त्याचा रंग टिकला. बर्टन जुन्या, अडगळीतल्या शब्दांचा शौकीन. १८४२ मध्ये तो मुंबईच्या फौजेत दाखल झाला, हिंदुस्तानी, गुजराती, मराठी शिकला, गोव्यावर १८५१ मध्ये पुस्तक लिहिलं. भाषा त्याला शिकाऱ्यासारख्या हेरता येत. त्या काळी 'एन्चांटेड' म्हटलं की इंग्रज वाचकाला परीकथेतलं गोजिरवाणं काहीतरी आठवलं असतं. त्याला दगड हवा होता, म्हणून त्याने न झिजलेला शब्द काढला. आजही तो बहुधा कर्मणी रूपात, कुणीतरी केलेल्या जादूत अडकलेल्यासाठीच येतो, आणि अद्भुत कथा लिहिणारे याच गुणासाठी त्याला जपतात. शेवटी एक 'एल' की दोन, यावर मात्र कोशांतही दोन्ही रूपं मिळतात.

माझं शीर्षक अखेर गोष्टीनेच सोडवलं. कथेच्या शेवटी त्या चेटकिणीला आपलं कृत्य उलटवायला भाग पाडलं जातं. ती भांड्यात पाणी घेते, त्यावर काही शब्द पुटपुटते, पाणी चुलीवर ठेवल्यासारखं उकळू लागतं. ते ती नवऱ्यावर शिंपडते आणि तो उठून उभा राहतो. हे पाणी म्हणजे आपल्याकडचं भारलेलं पाणी, त्याला दुसरं नावच नाही. तिथेच कळलं की मंत्र जिच्यात अजून शाबूत आहे अशी क्रिया मराठीत आहे, फक्त तिचं जुनं, सकर्मक रूप घ्यायला हवं. 'भारावलेला' खोडून मी वर लिहिलं: भारलेला राजपुत्र.