रॉबर्ट पील यांनी स्वतःचाच पक्ष का फोडला? : पार्श्वभूमी

१८४६ साली ब्रिटनचे पंतप्रधान रॉबर्ट पील यांनी धान्य कायदे रद्द केले आणि त्यांचाच कॉन्झर्व्हेटिव्ह पक्ष फुटला. याची मुळे १८१५ पर्यंत जातात. नेपोलियनशी युद्ध संपत आले तेव्हा जमीनदारांनी भरलेल्या संसदेने ठरवले, की देशी गव्हाचा भाव क्वार्टरमागे (धान्याचे इंग्रजी माप) ८० शिलिंगांना पोचेपर्यंत परदेशी गहू बाजारात येऊ द्यायचा नाही. हेच ते धान्य कायदे. जमीनदारांचा खंड शाबूत राहिला, शहरातल्या मजुराला पाव महाग पडला.

पील १७८८ साली लँकेशायरमध्ये, सुती कापडाच्या धंद्यात गबर झालेल्या घरात जन्मले. ऑक्सफर्डचे हुशार विद्यार्थी, आणि वडिलांच्या पैशामुळे २१व्या वर्षीच खासदार. लंडनच्या पोलिसाला आजही ‘बॉबी’ म्हणतात ते यांच्याच नावावरून (रॉबर्टचे लाडके रूप बॉबी). गृहमंत्री असताना १८२९ मध्ये ते दल त्यांनी उभारले. त्याच वर्षी त्यांनी पहिली कोलांटी मारली. कॅथलिकांना संसदेत बसू देण्याला त्यांनी वर्षानुवर्षे विरोध केला होता. पण आयर्लंडमध्ये यादवी पेटण्याची चिन्हे दिसताच तेच विधेयक त्यांनी स्वतः मांडले. कट्टर टोरींनी (म्हणजे त्यांच्याच पक्षातल्या जुन्या वळणाच्या लोकांनी) त्यांना गद्दार ठरवले. ऑक्सफर्ड विद्यापीठाची संसदेतली जागाही गेली.

१८४१ मध्ये ते दुसऱ्यांदा पंतप्रधान झाले. पुढच्याच वर्षी त्यांनी १५० पौंडांवरील उत्पन्नावर पौंडामागे ७ पेन्स प्राप्तिकर बसवला आणि शेकडो वस्तूंवरची जकात उतरवली. म्हणजे खुल्या व्यापाराकडे ते आधीच झुकले होते. १८४५ च्या शरदात आयर्लंडचे बटाट्याचे पीक रोगाने कुजले. पील यांनी गुपचूप अमेरिकेतून १ लाख पौंडांचा मका मागवला. धान्य कायदे रद्द केल्याने मात्र उपाशी आयरिश माणसाला फारसे काही मिळाले नाही. पाव स्वस्त झाला तरी तो विकत घ्यायला त्याच्या हाती पैसा नव्हता, आणि जकातही १८४९ पर्यंत टप्प्याटप्प्याने उतरायची होती. दुष्काळ हे निमित्त होते, मन आधीच बदललेले होते. तरीही खुर्ची पणाला लावून त्यांनी हे केले, आणि माझ्या मते त्यांचा खरा मोठेपणा इथेच आहे.

पक्षाच्या सुमारे दोन-तृतीयांश खासदारांनी विरोधात मत दिले. त्यांच्याच पक्षाचे खासदार डिझरायली यांनी सभागृहात त्यांना अक्षरशः सोलून काढले. विरोधी व्हिग पक्षाच्या मतांवर विधेयक तरले. २५ जूनला ते लॉर्ड्समध्ये, म्हणजे संसदेच्या वरच्या सभागृहात, संमत झाले आणि त्याच रात्री आयर्लंडविषयीच्या दुसऱ्या विधेयकावर सरकार हरले. चार दिवसांनी पील यांनी राजीनामा दिला. १८५० मध्ये घोड्यावरून पडून ते वारले. ग्लॅडस्टनसारखे त्यांचे अनुयायी पुढे लिबरल पक्षात गेले, आणि कॉन्झर्व्हेटिव्हांना पुन्हा स्पष्ट बहुमत मिळायला १८७४ उजाडले.