अपिलाला वकील फुकट मिळत नाही? मिळतो.

सत्र न्यायालयात शिक्षा लागली की नातेवाइकांना कोर्टाच्या आवारातच कुणीतरी सांगतं: फुकटचा वकील इथपर्यंतच, हायकोर्टात जायचं तर जमीन विका. पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेली ही समजूत चूक आहे.

मुळात 'सरकारी वकील' हा शब्दच घोळ घालतो. सरकारी वकील आरोपीच्या विरुद्ध उभा असतो. आपल्याला हवा असतो तो विधी सेवा प्राधिकरणाच्या (गरजूंना मोफत कायदेशीर मदत देणाऱ्या सरकारी यंत्रणेच्या) पॅनेलवरचा वकील. तो अपिलातही मिळतो, अगदी सर्वोच्च न्यायालयापर्यंत. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ नुसार कोठडीत असलेली व्यक्ती त्यासाठी पात्र ठरते, तिथे उत्पन्नाचा दाखला लागत नाही. महिला, मुलं आणि अनुसूचित जाती-जमातींनाही नाही.

हा हक्क ठसठशीत झाला तो आपल्याच राज्याच्या खटल्यात, 'होसकोट विरुद्ध महाराष्ट्र राज्य', १९७८. अपिलासाठी लागणारी निकालाची प्रत दिली, असं तुरुंगाचं म्हणणं; मिळाली नाही, असं कैद्याचं. पोचपावतीवर त्याची सही नव्हती. सर्वोच्च न्यायालयाचे न्या. कृष्ण अय्यर यांनी बजावलं: प्रत मोफत, वेळेत आणि लेखी पोच घेऊनच द्या; अपिलासाठी गरजू कैद्याला वकीलही द्या. (होसकोट यांची स्वतःची याचिका मात्र फेटाळली गेली!)

उच्च न्यायालयात अपिलाची मुदत ६० दिवस (फाशीची शिक्षा असेल तर ३०); प्रत मिळवण्यात गेलेले दिवस त्यात धरत नाहीत. कैद्याने तुरुंग अधीक्षकांकडे अर्ज द्यावा. घरच्यांनी जिल्हा न्यायालयातलं प्राधिकरणाचं कार्यालय गाठावं, नाहीतर मोफत कायदेशीर मदतीच्या १५१०० या क्रमांकावर फोन करावा.