डावा पुदिना, उजवा शेपा

फिनलंडमध्ये तुर्की पद्धतीचं मसूर सूप करायला निघालेला माणूस फसतो तो जिऱ्यापाशी. तुर्कीत जिऱ्याला 'किम्योन' म्हणतात. फिनिश दुकानात त्याच्याशी जुळणारं नाव शोधलं की 'कुमिना' लिहिलेली पुडी हाती येते, आणि ती निघते विलायती जिऱ्याची, म्हणजे कॅरावेची. आपलं नेहमीचं जिरं तिथे 'युस्तोकुमिना', शब्दशः 'चीज-जिरं', अशा नावाने शेजारी बसलेलं असतं.

ही चूक मुद्दाम करून बघण्यासारखी आहे.

आधी सूप. कांदा आणि गाजर लोण्यात परतायचं, त्यात अर्धा चमचा भरडलेलं विलायती जिरं, मग एक वाटी धुतलेली मसूर डाळ आणि पाच वाट्या पाणी. कुकर नको, वीस मिनिटांत डाळ मेण होते. फिनलंडमध्ये गुरुवारी वाटाण्याचं सूप खायची जुनी रीत आहे, पण त्याचे वाळलेले वाटाणे आदल्या रात्री भिजत घालावे लागतात. मसूर डाळीला ती वाट बघायला लागत नाही, कारण पाणी अडवणारं साल आधीच निघालेलं असतं आणि दाणा दुभंगलेला असतो. गरम पाण्यात पेशींना चिकटवून ठेवणारं पेक्टिन विरघळतं, पेशी सुट्या होतात, आतला स्टार्च फुगतो आणि सूप आपोआप दाट होतं. साय किंवा मैदा लागत नाही. लिंबू मात्र शेवटी, पानात वाढल्यावर. आम्लात पेक्टिन लवकर सुटत नाही, त्यामुळे लिंबू किंवा टोमॅटो आधी घातला तर डाळ शिजायला वेळ लावते.

मग येते तुर्की फोडणी. आपल्यासारखीच, वरून. लोणी गरम करून त्यात 'पुल बिबेर' ही भरड लाल मिरची आणि वाळलेला पुदिना. मिरचीचा रंग आणि पुदिन्याचा वास दोन्ही पाण्यापेक्षा स्निग्धात चांगले उतरतात. पुदिना पडला की दहा सेकंदांत गॅस बंद, नाहीतर करपून कडवट होतो.

आता गंमत. तुर्की पुदिना स्पिअरमिंट जातीचा असतो आणि त्याचा वास मुख्यतः कार्व्होन या रेणूचा. विलायती जिऱ्याचा वासही कार्व्होनचाच! 10 कार्बन, 14 हायड्रोजन, 1 ऑक्सिजन, जोडणीचा क्रमही तोच. फरक एवढाच, की दोन्ही रेणू एकमेकांची आरशातली प्रतिमा आहेत. पुदिन्यातला कार्व्होन ध्रुवीकृत प्रकाशाचं (म्हणजे एकाच प्रतलात कंप पावणाऱ्या प्रकाशाचं) प्रतल डावीकडे वळवतो, विलायती जिऱ्यातला उजवीकडे.

अशा जुळ्यांचा वास खरोखर वेगळा असतो, की नमुन्यातल्या भेसळीमुळे तसं वाटतं, यावर बराच काळ वाद होता. 1971 साली 'सायन्स' या नियतकालिकात दोन संशोधनगटांनी अतिशुद्ध कार्व्होन हुंगवून तो मिटवला: फरक रेणूचाच. देवळाबाहेर घाईत उजव्या पायात डाव्याची चप्पल सरकवली की पायाला लगेच कळतं ना, तसंच. नाकातले गंधग्राही, म्हणजे वासाचे रेणू पकडणारे ग्राही, प्रथिनांचे असतात, ती प्रथिनं ज्या अमिनो आम्लांची बनतात तीही एकाच 'हाताची', म्हणून डावा आणि उजवा रेणू त्यांत सारखा बसत नाही. (या ग्राहींची जनुकं लिंडा बक आणि रिचर्ड ॲक्सेल यांनी 1991 मध्ये शोधली, 2004 चं नोबेल त्यासाठीच.)

म्हणजे आपल्या भांड्यात एकच रेणू दोनदा पडला, एकदा फिनलंडच्या बाजूने, एकदा तुर्कस्तानच्या, आणि जिभेला दोन मसाले लागले.

वरून फिनिश लोकांची लाडकी ताजी शेपू भुरभुरायची. तिच्या कोवळ्या पानांचा वास मात्र मुख्यतः फेलँड्रीनसारख्या दुसऱ्या रेणूंचा, आणि उडून जाणारा, म्हणून उकळत्या सुपात ती घालू नये. सोबत आंबवलेला काळा रायचा ब्रेड (राय हे धान्य, मोहरी नव्हे).

विलायती जिरं मिळालं नाही तर शहाजिऱ्याच्या भरवशावर राहू नका. आपल्याकडे त्या नावाने बरेचदा वेगळंच बी विकलं जातं, आणि त्याचा वास जिऱ्याच्या कुळातला. त्यापेक्षा घरातला बाळंतशेपा, म्हणजे शेपूचं बी, काढा. त्यात उजवा कार्व्होन भरपूर असतो. चिमूटभर तळहातावर चुरडा, हुंगा, मग स्पिअरमिंटचं च्युइंगम हुंगा.