केगारे व हाराए

शिंतो या जपानी धर्मपरंपरेतील दोन जोडसंकल्पना. केगारे म्हणजे विटाळ. तो दूर करणारा विधी म्हणजे हाराए. शिंतोला संस्थापक नाही, दहा आज्ञांसारखी संहिताही नाही. डोंगर, धबधबा, जुनाट वृक्ष यांतही कामी (देवता) वसते. जे असामान्य आणि धाक वाटायला लावणारे ते कामी, मग ते भले असो वा बुरे, असे अठराव्या शतकातील विद्वान मोतोओरी नोरिनागा सांगतात. विटाळलेल्या माणसाने कामीसमोर जायचे नाही.

मूळ कथा ‘कोजिकी’ या प्राचीन जपानी ग्रंथात (इ.स. ७१२) आहे. मृत पत्नीला परत आणायला इझानागी हा देव योमी या मृत्युलोकात जातो, तिचा किडलेला देह पाहून पळत सुटतो आणि पाण्यात उतरून अंग धुतो. डावा डोळा धुताना सूर्यदेवता आमातेरासु जन्मते. या स्नानाला मिसोगी म्हणतात. इझानागीने पाप केलेले नाही, त्याला मृत्यूचा स्पर्श झाला आहे, इतकेच.

‘एंगिशिकी’ या दरबारी नियमग्रंथातील (९२७) महाशुद्धीच्या मंत्रात त्सुमींची, म्हणजे दोषांची, यादी येते. त्यात भातखाचराचा बांध फोडणे, पाट बुजवणे यांच्या शेजारीच त्वचारोग आणि किड्यांपासून होणारी पीडा बसवली आहे. केलेला अपराध आणि ओढवलेली आपत्ती यांत फरक केलेला नाही. आजच्या वाचकाला खटकते ते इथेच.

आजही ३० जून व ३१ डिसेंबरला ही महाशुद्धी होते. लोक कागदी बाहुलीवर नाव लिहितात, ती अंगावरून फिरवून तिच्यावर फुंकर घालतात. दोष तिच्यात उतरतो अशी समजूत. जपानमधील अंत्यविधी बहुधा बौद्ध पद्धतीचे. तिथून परतताना अंगावर टाकायला मिठाची पुडी मिळते. मृत्यूला अशुद्ध न मानणारा जोदो शिन्शू हा बौद्ध पंथ मात्र हे मीठ नाकारतो.

बांधकामाआधीची भूमिशुद्धी कोर्टातही गेली. त्सु शहराच्या व्यायामशाळेसाठी १९६५ साली झालेल्या या विधीवर नगरपालिकेने ७,६६३ येन खर्च केले होते. १९७७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्याला धर्मकृत्य नव्हे तर रूढाचार ठरवून खर्च वैध मानला.

सुमो आखाड्यात स्त्रियांना असलेली बंदी अनेक अभ्यासक केगारेशी जोडतात. २०१८ साली माइझुरु येथे आखाड्यात कोसळलेल्या महापौरांवर प्रथमोपचार करणाऱ्या स्त्रियांना ध्वनिक्षेपकावरून बाहेर जायला सांगितले गेले. सुमो संघटनेने पुढे माफी मागितली. बंदी उठवली नाही.